जर्मनाचे उरलेले अर्धे पुस्तक

मी, मधु ढवळू भोये, वय बासष्ट, निवृत्त एस.टी. कंडक्टर, राहणार मोखाडा, जिल्हा पालघर, हे मृत्युपत्र राजीखुशीने, कोणाच्याही धाकदपटशाशिवाय आणि चहाखेरीज काहीही न पिता लिहून ठेवतो. माझे डोके ठिकाणावर असल्याचा दाखला डॉक्टरांनी दिलेला आहे. एकोणिसाव्या शतकातला एक जर्मन तत्त्वज्ञ मी गेली कित्येक वर्षे वाचतो आहे, ही गोष्ट दाखला घेताना मी त्यांना सांगितली नाही. सांगितली असती तर दाखला अडला असता.

येत्या सोमवारी नाशिकला माझी छाती उघडून हृदयाची दुरुस्ती व्हायची आहे. डॉक्टर म्हणाले, काळजीचे कारण नाही. पण हे म्हणताना ते माझ्याकडे न बघता माझ्या बायकोकडे बघत होते, म्हणून लिहायला बसलो. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. कोणी दाखवलेच तर ते खोटे समजावे आणि दाखवणाऱ्याला चहासुद्धा विचारू नये.

कलम १. मोखाड्यातले राहते घर, ओटा, परसातला आंबा आणि फंडाची जी काही शिल्लक असेल ती माझी पत्नी सौ. जयश्री हिला द्यावी. घरातले सगळे निर्णय आजवर तीच घेत आली. आता कागदही तिच्या नावावर होईल, एवढाच फरक.

कलम २. डोंगरउतारावरची नाचणी-वरईची वरकस जमीन माझी मुलगी रविना हिला. तिने ती कसावी, पडीक टाकू नये. शेजारच्याने बांध कोरला तर त्याला तत्त्वज्ञान सांगायला जाऊ नये. मी सांगून पाहिले, बांध आणखी हातभर सरकला.

कलम ३. जावई उमेशराव यांना मोडक्या पायाची लाकडी खुर्ची. त्यांनी एकदा जेवता जेवता माझ्या जर्मनाचा सारांश मोबाईलवर वाचून दाखवला आणि वर म्हणाले, "एवढंच तर आहे, बाबा." मी सासरा, काय बोलणार? आणखी एक भाकरी वाढायला सांगितली. खुर्चीचा पाय त्यांनी मोबाईलवरच दुरुस्त करावा. बाकी मुलगा गुणी आहे, रविनाला जपतो, हेही येथे नोंदवतो.

कलम ४. खरे तर या कलमासाठीच हे सगळे मृत्युपत्र आहे. घरादाराचे तोंडी सांगूनही भागले असते.

मिळकतीचे वर्णन: जर्मनाचे पुस्तक, नग एक, मराठी भाषांतर, पुठ्ठा गेलेला. चतुःसीमा येणेप्रमाणे: पूर्वेस भाषांतरकाराची प्रस्तावना, ज्यात तो वाचकाची क्षमा मागतो, पश्चिमेस शुद्धिपत्र, जे मूळ मजकुरापेक्षा सोपे आहे, उत्तरेस उंदराने खाल्लेला कोपरा, दक्षिणेस वांगणीला गाडीवाल्यांना जेवू घालणाऱ्या बायडीच्या घरच्या सुकटीच्या कालवणाचा डाग. हे पुस्तक कोणी प्रवासी जव्हारला गाडीत ठेवून गेला. मी आगारात जमा केले. छत्री न्यायला लोक येतात, डबा न्यायला येतात, हे न्यायला कोणी आले नाही. तो विसरला नव्हता, सुटला होता, असे माझे मत आहे. शेवटी साहेब म्हणाले, भोये, तुम्हीच घेऊन जा हे.

तेव्हा मी आणि ड्रायव्हर नवशा झुगरे जव्हार-वांगणी मुक्कामी गाडीवर होतो. गाडी संध्याकाळी वांगणीला पोचायची आणि सकाळी माणसे भरून परत निघायची. मधल्या वेळात बायडीच्या अंगणात भाकरी खायची आणि डास मारायचे, एवढेच काम. म्हणून मी मोठ्याने वाचायला लागलो. त्या जर्मनाचे एकेक वाक्य खालच्या पाड्यात सुरू व्हायचे आणि वरच्या पाड्यात संपायचे. क्रियापद हाती लागेपर्यंत भाकरी गार.

"कळलं का?" मी विचारायचो.

"नाय," नवशा म्हणायचा. "तुला?"

"मलाबी नाय."

"मंग परत वाच."

आमचा अभ्यास तो हा. पण नवशाचे डोके चालायचे. एके ठिकाणी जर्मन म्हणतो की चैतन्य आधी स्वतःपासून दुरावते, परक्या जागी राहते आणि मग स्वतःकडे परत येते, पण येताना ते पहिले राहिलेले नसते. मी दोन संध्याकाळी त्यावर डोके आपटले. नवशा म्हणाला, "आरं, ही आपली मुक्कामी गाडी. जव्हारहून निघं, वांगणीला परक्याच्या दारात झोपं, सकाळी परत जव्हारला. पण येताना आत चार कोंबड्या नं एक रुसलेली सून जास्त." उमेशरावांच्या मोबाईलवर हे नाही.

मग मालक आणि दास यांचे प्रकरण आले आणि आमचे वाटोळे झाले. जर्मन म्हणतो, दोन माणसे समोरासमोर येतात. दोघांनाही समोरच्याकडून "तू आहेस, बाबा" असे मान्य करून हवे असते. त्यावरून झुंज होते. जो मरणाला भितो तो दास होतो, दुसरा मालक. इथवर वाचले तेव्हा आम्ही दोघेही गाडीचे मालक होतो. नवशा म्हणे, स्टिअरिंग माझ्या हातात. मी म्हणे, मी दोरी ओढून दोन घंट्या दिल्याशिवाय तुझी गाडी हलत नाही. यावर चांगले आठ-पंधरा दिवस गेले.

नंतर पान उलटले. पुढे लिहिले होते की मालकाची फजिती होते. त्याला मान देणारा कोण, तर दास. आणि दासाच्या मानाला तो स्वतःच किंमत देत नाही. दास मात्र राबता राबता, हातांनी वस्तू घडवता घडवता स्वतःला ओळखतो. म्हणजे शेवटी सरशी दासाची. हे वाचल्याबरोबर नवशा म्हणाला, "मी दास. घाटात गाडी कोण वढतो?" मी म्हणालो, "दास मी. सुट्ट्या पैशांवरून शिव्या कोण खातो?" कालपर्यंत मालकीसाठी भांडणारे दोन बाप्ये आता गडीपणासाठी एकमेकांच्या अंगावर जाऊ लागले. बायडी चुलीपाशी बसून हसत होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी भरली. मी खाली रस्त्यावर हाताची घडी घालून उभा राहिलो. नवशाला म्हटले, "तूच मालक आहेस. ने गाडी, घंटीची वाट कशाला बघतोस?" तो खिडकीतून म्हणाला, "मी गडीमाणूस. हुकमाबिगर मी हालायचा नाय." मी हुकूम देईना, तो हुकमाशिवाय हलेना. पोरांची शाळा, कोणाचा दवाखाना, सगळे आत ताटकळत बसलेले. शेवटी आत बसलेली बायडी उठली. "मालक कोण नं गडी कोण तां मंग ठरवा," ती म्हणाली, "माझा बाजार उठंल!" आणि तिने दोरी दोनदा ओढली.

नवशाच्या पायाला वर्षानुवर्षांची सवय. घंटी कोणी दिली हे मागे वळून न बघता त्याने गाडी सोडली. मी तिकिटांची पिशवी गळ्यात घालून वांगणीच्या धुळीत उभा, आणि अख्खी गाडी बिनतिकीट जव्हारला पोचली.

दोघांनाही खुलासा मागितला गेला. खुलाशात जर्मनाचे नाव घालणे शक्य नव्हते, म्हणून दोघांनी पोटदुखी लिहिली. आमच्या ड्युट्या वेगळ्या झाल्या. तेव्हापासून तो माझ्याशी बोलत नाही आणि मी त्याच्याशी बोलत नाही. दोघेही मोखाड्यातच राहतो. आठवडी बाजारात तो सुकटीच्या रांगेला असला की मी कांद्यांकडे वळतो. चूक त्याची होती आणि अजूनही त्याचीच आहे.

पुढचे अर्धे पुस्तक मी एकट्याने वाचून पाहिले. शब्द कळतात, अर्थ लागत नाही. जयश्रीला वाचून दाखवले, तर ती म्हणाली, "हो, बरोबर आहे," आणि झोपली. 'बरोबर आहे' म्हणणारी माणसे घरोघरी मिळतात, 'नाय, परत वाच' म्हणणारा एकच होता. माणूस दुसऱ्याने ओळखल्याशिवाय स्वतःला सापडत नाही, असे तो जर्मन सांगत होता. ते मला त्याच्या पानावर समजले नाही, नवशाने तोंड फिरवल्यावर समजले. मला त्याची फार आठवण येते. हे मी तोंडाने सांगणार नाही, म्हणून कायदेशीर कागदावर लिहितो.

सबब वरील पुस्तक माझ्या पश्चात नवशा झुगरे याला द्यावे. अट अशी: आमचे वाचन जेथे थांबले तेथून शेवटपर्यंत त्याने ते माझ्या ओट्यावर बसून मोठ्याने वाचावे, आणि सुरुवात करण्यापूर्वी चारचौघांत एकदा म्हणावे, "खरा दास कंडक्टरच." अट मान्य नसल्यास पुस्तक बायडीला द्यावे. ती ते कशाखाली टेकू द्यायला वापरेल, तेही पुस्तक कामी आल्यासारखेच आहे.

मरणाची भीती वाटत नाही, असे या कलमात लिहायचे ठरवले होते. पण वाटते. जर्मनाच्या हिशेबाने मी दासच ठरतो, याचा हा आणखी एक पुरावा नवशाने लक्षात घ्यावा.

कलम ५. दिवसकार्याला भाषणे नकोत. कोणी "ते अनंतात विलीन झाले" म्हणू लागल्यास त्याला खाली बसवावे. त्या अनंतापर्यंत पोचायला जर्मनाला शेकडो पाने लागली, तुम्ही एका वाक्यात उरकू नका. जेवणात नागलीची भाकरी आणि उडदाचे भुजे असावे. उमेशरावांना दोन भाकऱ्या जास्त वाढाव्यात.

कलम ६. या मृत्युपत्राची अंमलबजावणी रविनाने करावी. वकीलबाईंनी बजावले आहे की ज्याला यातून काही मिळायचे आहे त्याची साक्षीदार म्हणून सही घेऊ नये, त्याचे मिळणे अडचणीत येते. म्हणून एक साक्षीदार शेजारचे विनोद घेतले आहेत. दुसरा कोण ते रविना सांगत नाही. घेऊन येते म्हणाली आणि सकाळीच बाहेर पडली. तिची वाट बघत मी सही थांबवली होती. आता ती आली आहे, तेव्हा सर्वांसमक्ष सही करतो. सही माझीच आहे.

ठिकाण: मोखाडा
दिनांक: १५ नोव्हेंबर २०२५, शनिवार

(सही) मधु ढवळू भोये

साक्षीदार १: (सही) विनोद, शेजारी. मधुभाऊंनी माझ्यासमोर सही केली. पुस्तकाविषयी मला काही विचारू नये.

साक्षीदार २: (सही) नवशा जिव्या झुगरे, निवृत्त ड्रायव्हर, मोखाडा. मधुने माझ्यादेखत सही केली हे खरं. रविनाने सगळा कागद मला वाचून दाखवला. साक्षीदाराला काय मिळत नाय असं कळलं, म्हणून मुद्दाम इथं सही मारली. पुस्तक मला नको. सोमवारी नाशकाला मी सोबत चाललोय, पुस्तक त्याने पिशवीत घ्यावं. कलम चारमधलं ते वाक्य मी बोलणार नाय, ते चूक आहे. का चूक आहे ते मला मधुच्या तोंडावर सांगायचंय, त्याच्या फोटोला नाय.