बखरीतलं १९५३चं पान

होर्नी ब्रोदेक,
सोमवार, २ ऑगस्ट २००४

चि. वीत यास,

शनिवारी, ३१ जुलैला, सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी तू चौकातल्या नव्या पाटीवरचा कागद काढलास आणि माझं डोकं फिरलं. तू बरा असशील. मी बरी नाही.

मी तुला चार वर्षं भूगोल शिकवला, आता तू गावचा बखरकार झालास. तरी पाटीवरच्या तुझ्या नकाशात ओल्शिन्का ओढा चौकातून टेकडीवर चढतो! पाणी चढ चढतं हे मी तुला कधी शिकवलं? गावाला बाजार भरवण्याचा हक्क मिळाल्याचं साल तेवढं बरोबर आहे. पण मी ओरडले ते ओढ्यासाठी नाही, हे तुलाही कळलं असेल.

"बाई, आवाज चढवू नका, लोक बघताहेत."

"बघू देत की! पाटी बघण्यासाठीच लावलीय ना?"

"पाणचक्कीचं वाक्य गावच्या बखरीत आहे तसंच उतरवलंय. माझ्या मनाचं एक अक्षर नाही."

'१९५३ साली हूल्का कुटुंब चक्की सोडून स्वखुशीने उत्तरेकडे गेलं.' स्वखुशीने! सकाळी सात वाजता ट्रक आला होता. सोबत बंदूकवाले दोघे. म्हाताऱ्या हूल्काला पायात बूटसुद्धा घालू दिले नाहीत. त्याची नात अपोलेना मागे बसली होती, मांडीवर पिठाची चाळण घेऊन. आम्ही दोघी मठातल्या सिस्टरांच्या शाळेत एकाच बाकावर बसायचो, शाळा बंद पडेपर्यंत.

आज तू ती बखर माझ्यापुढे ठेवलीस आणि म्हणालास, "अक्षर मात्र मोत्यासारखं आहे, बाई. कुणाचं असेल हो?"

"असेल कुणा मूर्खाचं," मी म्हणाले आणि छत्री विसरून घरी आले.

वीत, तसं अक्षर या गावात सिस्टरांनी फक्त दोघींना शिकवलं. त्यातली एक ट्रकमध्ये होती.

तेव्हाचे बखरकार क्रतोख्वील यांचा हात थरथरायचा. ते सांगत, मी लिहीत असे. मी सतरा वर्षांची होते. त्या कम्युनिस्ट राजवटीत सिस्टरांकडे शिकलेल्या मुलीला शिक्षिका व्हायचं तर कुणीतरी चांगला शब्द टाकावा लागे. त्यांनी तो टाकला. इतकं मला ठाऊक आहे. पुढचं सगळं गढूळ आहे. मला बर्फ आठवतो, तर पानावर तारीख जूनची. ट्रक आधी येऊन गेला आणि पान नंतर लिहिलं, की माझीच काही गल्लत होतेय? आणि 'स्वखुशीने' हा शब्द त्यांनी सांगितला, की 'गेलं' एवढंच सांगून ते खोकत बसले आणि तो मी घातला, वाक्य बरं दिसावं म्हणून? दुपारपासून मी स्वतःला विचारते आहे. एकदा ते आठवतात, एकदा मी. अपोलेनाने माझ्याकडे पाहिलं होतं का, तेही सांगता येत नाही.

तुमच्या समितीने तिला बोलावलंय. एक्कावन्न वर्षांनी ती रविवारी जत्रेला येईल, चौकात उतरेल आणि सगळ्यांत आधी ती पाटी वाचेल.

तेव्हा माझं म्हणणं ऐक. पाटी काढा, ओढ्यासकट नवी करा. बखरीतलं पान फाडायचं नाही, खोडायचं नाही, हा नियम मला माहीत आहे आणि मान्य आहे. पण चूक कळल्यावर चालू सालाच्या पानावर दुरुस्ती लिहिता येते, तारीख आणि सहीसकट. ती मी लिहीन, त्याच अक्षरात, म्हणजे पन्नास वर्षांनी कुणाला अक्षर कुणाचं असं विचारावं लागणार नाही. शब्द कुणाचा होता ते मला ठाऊक नाही, हेही त्यात लिहीन.

परवानगी आहे की नाही, ते शुक्रवार, ६ ऑगस्ट, दुपारी बारापर्यंत मला लेखी कळव. फोन करू नकोस, दारात येऊन समजूत काढू नकोस. तोंडी बोललेलं मला कसं आठवतं, ते तू वर वाचलंच आहेस.

१९५३चं पान लिहिणारी,
ओतिलिए मारेशोवा