गुरुवारची हजेरी

३ फेब्रुवारी, सोमवार
शेवटी माझ्याच गळ्यात पडलं — महिला मंडळाचा इतिहास! अध्यक्षीणबाई म्हणाल्या, "तुम्ही शिक्षिका होतात, तुमच्या हातचा मळ." नव्वद वर्षं या बायकांनी खुर्च्या उबवल्या, संपला इतिहास. पण नगरपालिकेला चाळीस पानं हवीत. मंडळाची वास्तू सलग वापरात होती असं कागदोपत्री दिसलं तर वाचेल, नाहीतर पाडून तिथे गाड्या लावणार. मला गाड्या चालतील. गप्प तरी उभ्या राहतात.

४ फेब्रुवारी
चप्पल घालते न घालते तोच ह्यांचं सुरू — "कुठे? किती वेळ?" मंडळात म्हटल्यावर मात्र चूप.

६ फेब्रुवारी
ऐतिहासिक वास्तू म्हणे! एक दिवाणखाना, एक मोरी आणि गळकं छत. सभांची जुनी नोंदपुस्तकं काढली. दर गुरुवारी चार ते सात सभा. "पडद्यांच्या रंगावर सविस्तर चर्चा झाली." तीन गुरुवार तीच चर्चा, आणि पडदे लावलेच नाहीत. जांभया देऊन जबडा दुखला.

८ फेब्रुवारी
पकडली चोरी. हजेरीला सह्या अडतीस, सामानाच्या यादीत खुर्च्या बारा! सह्या निरखून पाहिल्या. तीस वर्षं वह्या तपासल्यात मी, अक्षर बरोबर ओळखते. सहा-सातजणी मिळून सगळ्यांच्या सह्या ठोकत होत्या. त्यात सासूबाईंचीही — सोळा वर्षं, एकदाही त्यांच्या हातची नाही. आणि मला ऐकवायच्या, "खोटेपणा मला खपत नाही." आता सगळं जसंच्या तसं लिहिते. पाडा म्हणावं ती वास्तू.

११ फेब्रुवारी
सासूबाईंपुढे हजेरीचं पुस्तक ठेवलं. वाटलं, ओशाळतील. सत्त्याऐंशीच्या बाई खुदकन हसल्या. "ही डॉक्टरीणबाईची सही. तिला माझं नाव कधी नीट लिहिता आलं नाही."
"मग तुम्ही कुठे होतात?"
"तळ्यावर. बसायचे."
"कोणाबरोबर?"
"अगं, माणसं घरात कमी होती का? तीन तास कोणी हाक मारायचं नाही, म्हणून जायचे. नुसतं बसायला जाते म्हटलं असतं तर मामंजींनी सोडलं असतं? मंडळाला नाही म्हणत नसत." कोणी शिकवणीला जायची म्हणे, कोणी डॉक्टरकडे, एकजण मैत्रिणीकडे जाऊन नुसती झोपायची. घरून कोणी चौकशीला आलं, तर मंडळात थांबलेली बाई सांगायची, "आत्ताच गेल्या."
मी चिडले. "इतकी वर्षं मला का नाही सांगितलंत?"
"तू सभासद कुठे झालीस? नाकं मुरडत होतीस."

१२ फेब्रुवारी
दिवसभर भांडी आपटली. बत्तीस वर्षं त्या बायकांना हसले, आणि घराबाहेर पडायला दर वेळी भाजीचं निमित्त शोधलं. मूर्ख मीच.

१९ फेब्रुवारी
इतिहास दिला. एक्केचाळीस पानं. "दर सभेला अडतीस सह्या आढळतात." यात काय खोटं आहे?
अध्यक्षीणबाईंनी सभासदत्वाचा अर्ज पुढे केला. भरला.

२० फेब्रुवारी, गुरुवार
ह्यांना म्हटलं, सभा आहे, सात वाजतील. समोर आली ती बस पकडली आणि शेवटच्या थांब्यावर उतरले. बाकावर अध्यक्षीणबाई, चपला काढून, पाय पसरून बसलेल्या. मला पाहिलं आणि तोंड दुसरीकडे फिरवलं. मी शेजारच्या बाकावर बसले.