डूलीसाहेबाचं चाउडर आणि माझी रजा

सलमानिया, बहरीन
शुक्रवार, २६ जुलै १९९६

तीर्थरूप आत्या,

शैलेंद्रचा देवगडच्या दिशेने वाकून नमस्कार. तुझा गुडघा काय म्हणतो? (मी पाठवलेलं तेल चोळतेस की नुसतंच फडताळात जपून ठेवलंयस?) आम्ही तिघं मजेत आहोत.

"गणपतीला येणार की नाही ते एकदाच कळव, म्हणजे मी वाट बघायची थांबते," असं तू लिहिलंस. चार गणपती चुकले, माझ्या लक्षात आहे गं. पण रजेचा अर्ज महिनाभर डूलीसाहेबाच्या टेबलावर पडून! विचारायला जावं तर साहेब आयर्लंडातल्या आपल्या आईच्या चाउडरच्या आठवणी काढत बसणार. चाउडर म्हणजे दुधातलं दाट सूप. त्यात मासे, कोळंबी, बटाटे आणि वर क्रीम. शेवटी मी म्हटलं, साहेब, मी देवगडचा, माशांचं मला काय सांगता? शुक्रवारी दुपारी जेवायलाच या!

हेमाने ऐकलं मात्र, कमरेवर हात ठेवून उभी राहिली. दुधात मासे? अंगावर कोड उठेल म्हणाली. (ही शिकवण तुझीच. मी बांगडा खाल्ला म्हणून तू माझा खरवस शेजारच्या शंभूला दिला होतास, ते मी अजून विसरलेलो नाही.) ती मयुरेशला घेऊन वरच्या मजल्यावर मसूदाभाभींकडे निघून गेली. बरंच झालं, स्वयंपाकघर मोकळं मिळालं.

गेल्या शुक्रवारी सकाळीच बाजारातून ताजा हामूर आणला. हामूर म्हणजे आपला गोबराच, फक्त इथे त्याला मान जास्त. कांदा लोण्यावर परतला, बटाटे शिजवले, दूध आटवलं, क्रीमचा डबा रिकामा केला. वास असा सुटला की माझी मलाच शाबासकी द्यावीशी वाटली. मग मासे सोडले. आता तूच सांग, तुझ्या हाताखाली वाढलेला माणूस मासे धुतल्यावर काय करतो? मीठ, हळद आणि कोकमाचं आगळ चोळून ठेवतो! सवयीने मीही ठेवले होते. तू पाठवलेल्या आगळाची अर्धी बाटली त्या तुकड्यांना लागलेली. दुधात पडले आणि सगळं फाटलं. वर गुलाबी पाणी, खाली गुठळ्या, आणि साहेबाची गाडी बुदैयाहून निघालेली!

दुसरा कुणी असता तर हातपाय गाळून बसला असता. मी शांतपणे थोडी सुधारणा केली (तपशिलात शिरत नाही) आणि एकच्या ठोक्याला दाट, पिवळसर चाउडर टेबलावर हजर केलं. साहेबाने एक चमचा घेतला, डोळे मिटले आणि म्हणाला, हे माझ्या आईचं चाउडर मुळीच नव्हे. संपलं, म्हटलं, गेली रजा. तेवढ्यात त्याने रिकामा वाडगा पुढे केला. आत्या, तीन वाडगे खाल्ले! पावाने वाडगा पुसून घेतला आणि शनिवारी ऑफिसात जाताच अर्जावर सही केली. मी येतोय गं. गणपतीला येतोय!

तुझा,
शैलेंद्र

ता. क. साहेबाने विचारलं, ही कृती कुणाची? माझ्या तोंडून गेलं, देवगडच्या आत्याची. आता तो गोव्याला जाता जाता, विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी, तुझ्याकडे जेवायला उतरणार आहे. एक दिवस, माझ्यासाठी, मासे दुधात घाल. खरवसाचा विषय मी पुन्हा काढणार नाही.

ता. क. दुसरा. आत्या, हेमाचा नमस्कार. पाकीट चिकटवायचं काम माझ्याकडे आलंय म्हणून लिहिते. हे शांत वगैरे काही नव्हते. लुंगी सावरत, जिन्यात हाका मारत वर आले. मसूदाभाभींनी खाली येऊन पातेल्यात बघितलं, "खलास!" म्हणाल्या आणि सगळं दूध ओतून दिलं. मासे मात्र वाचले. हळद-आगळ त्यांना लागलेलंच होतं, भाभींनी नारळाचं दूध आणून दिलं, आणि मी तुमचंच सार केलं, फक्त मिरचीवाचून. गाईच्या दुधाचा थेंबही साहेबाच्या पोटात गेलेला नाही. तेव्हा तुम्ही नेहमीचंच करा, मिरची तेवढी विसरा. आणि गणपतीत घरात मासे नसतातच, तर यांचा तो राहिलेला खरवस एकदा देऊन टाका.