तेरवीच्या पंगतीत समन्स

ती. प्रभाकरराव भाऊजींना कारंज्याहून धीरजचा नमस्कार.

जयाताईचा गुडघा आता कसा आहे? तुम्ही आष्टीला पोचल्याचा फोन केला तेव्हा मला नीट बोलता आलं नाही, म्हणून हे पत्र. (बाबा म्हणायचे, धीरजले फोन देणं म्हणजे खांबाले देणं.) आईला आता थोडी झोप लागते. मला लागत नाही, आणि ते केवळ बाबांच्या जाण्यामुळे नाही.

तेरवीला तुम्ही पहिल्या पंगतीत जेवून निघालात, म्हणून पुढचा प्रकार तुम्हाला ठाऊक नाही. मोतीलाल ढाबेवाल्याने आपल्या दुकानातून पत्रे आणि पाइप उधार नेले, त्याला तीन वर्षं होत आली. बाबांनी दवाखान्याच्या खाटेवरून मला वकिलाकडे पाठवलं. वकील म्हणाले, उधारीच्या चिठ्ठीवर त्याची सही आहे, समरी दावा टाकू. समन्स मिळाल्यापासून दहा दिवसांत समोरचा हजर झाला नाही तर सरळ हुकूमनामा. मी दाव्यावर सही केली. (नागपूरचा ठोक व्यापारी माझ्यावर असाच दावा टाकायच्या बेतात आहे, हे बाबांना सांगितलं नव्हतं. वसुली झाली नाही तर दुकान जाईल.) त्याच आठवड्यात बाबा गेले, आणि तिरडीला खांदा द्यायला सगळ्यांत आधी मोतीलाल धावत आला.

पुढे तो रोज आला. सुतकात घरी चूल पेटत नव्हती, म्हणून ढाब्यावरून डबा आणायचा. मी रडत नव्हतो आणि तो रडत होता, त्यामुळे बसायला आलेले लोक त्याचंच सांत्वन करायचे. रोज वाटायचं, आज सांगून टाकावं. पण त्याचीच पोळी तोंडात असताना सांगायचं कसं? शिवाय त्याची मनगटं तुम्ही पाहिली आहेत.

तेरवीला दुसरी पंगत बसली आणि समन्स घेऊन कोर्टाचा बेलीफ दारात उभा. प्रतिवादी कोण ते वादीने दाखवायचं असतं म्हणे. मी घाबरून त्याला जेवायलाच बसवलं. (तेरवीच्या घरून कोणी उपाशी जाऊ नये, ही रीत त्या दिवशी मला फार सोयीची वाटली.) पण बुंदी वाढायला मोतीलालच. बेलीफ पुरे म्हणाला, तर हा म्हणतो, "लाजू नका साहेब, मोतीलालच्या हातून कोणी उपाशी उठत नाई." बेलीफाने डावा हात पिशवीत घातला.

मोतीलालने परात खाली ठेवली, पाकाच्या हाताने सही केली, कागद वाचला. मग माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाला, "रोज डबा आणून राह्यलो होतो ना बे. एक डाव बोलला असता त मी का खाल्लं असतं तुले?" आणि उरलेली पंगत त्यानेच वाढली. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

तेव्हापासून मी दुकानाचं शटर अर्धंच उघडतो. खालून फक्त पाय दिसतात. मोतीलालचे पाय येतात, थांबतात, जातात. काल जाताना डबा ठेवून गेले. तो उघडायची माझी हिंमत झालेली नाही.

आपला,
धीरज

ता. क. चिठ्ठीवर मोतीलालच्या सहीखाली हमीदार म्हणून तुमची सही आहे. वकिलांनी दोघांनाही प्रतिवादी केलं आहे. तेरवीला सांगणार होतो, पण तुम्ही जेवत होता. बेलीफ गुरुवारी आष्टीला येईल.

आणखी ता. क. समन्स मिळालं की मुदतीत हजर व्हाच. तुमच्यावर हुकूमनामा झाला तर जयाताईला मी तोंड कसं दाखवू? हजर होऊन दावा लढवायची परवानगी मागा. वकील नसेल तर आमच्या वकिलांचा चुलतभाऊ आहे, चांगला भांडतो. त्याची फी मी देईन. मोतीलालचीही.