कालव्याखालच्या पाच एकरांची व्यवस्था

मी, बापूसाहेब रंगनाथ काळोखे, वय ७६, धंदा शेती आणि जमेल तसे राजकारण, राहणार मौजे टेकाळवाडी, तालुका इंदापूर, जिल्हा पुणे, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाशिवाय लिहून ठेवतो. माझी बुद्धी शाबूत असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. विरोधकांकडून तसा दाखला मिळणे शक्य नाही.

१. राहते घर पत्नी कुशाबाई हिचे. ती आहे तोवर ओसरीवर कोणाला बसवायचे आणि कोणाला उठवायचे, हे तीच ठरवील. तीस वर्षे तिने माझ्या कार्यकर्त्यांना चहा पाजला. यापुढे एकालाही पाजू नये.

२. नदीकाठचे नऊ एकर आणि जीप मुलगा नागेश याला. जीप उतारावर लावावी, म्हणजे सुरू होते.

३. सत्कारात मिळालेल्या एकेचाळीस शाली चुलतभाऊ जोतीराम याला. माझा सत्कार झाला की त्याला हुडहुडी भरायची. शोकसभेत मात्र त्याच्या हाती माईक देऊ नये. तो रडेल आणि लोकांना खरे वाटेल.

४. कालव्याखालचे पाच एकर. याबद्दल सविस्तर लिहिणे भाग आहे.

१९६२ साली मी सरपंच होतो. गावच्या गायरानावर मेंढपाळांची बावीस घरे होती. वरच्या पुढाऱ्यांना ती जागा बियाण्यांच्या शेतीसाठी हवी होती. "घरं हलव, पंचायत समितीचं तिकीट तुझं," असा निरोप आला. मी वस्तीतल्या पाच जाणत्यांना ट्रकमध्ये बसवून तीस मैलांवरची नवी जागा दाखवायला नेले. काळी जमीन, भरलेली विहीर. त्यांचे म्होरके भिमाआबा यांनी मूठभर माती हुंगली आणि विचारले, "हीच का?"

मी म्हणालो, "हीच."

ती दुसऱ्याचीच होती. त्यांना द्यायची जागा टेकडीपलीकडे होती. तिथे कुसळांशिवाय काही उगवत नसे.

परत आल्यावर अंगठे घेतले. भिमाआबा म्हणाले, "बापूसाहेब, कागदात काय लिवलंय?"

"जागा बगितली, एवढंच."

कागदात होते: जागा पसंत आहे, महिन्यात गायरान सोडू. वाक्य माझेच. त्या काळी माझी भाषा चांगली होती.

महिन्याने पोलीस आले. बावीस घरे मेंढरांसह चार दिवस उन्हातून चालत गेली. त्याच उन्हाळ्यात विहीर खणताना दरड कोसळून भिमाआबा गेले. निरोप आला तेव्हा मी इंदापुरात विजयाचा हार घालून उभा होतो. हार काढला नाही.

हे पाच एकर त्या कामाची बक्षिसी. चौतीस वर्षे तिथली द्राक्षे खाल्ली. गोड होती, हे नाकारत नाही.

गेल्या महिन्यात मी टेकडीपलीकडच्या त्या माळावर गेलो. भिमाआबांच्या पत्नी सरुबाई शेळीला पाला घालत होत्या.

"कशाला आलाय, बापूसाहेब?"

"जमीन द्यायला."

"आनि येकदा?"

 चार निवडणुका जिंकलेला मी माफीचे बोलू लागलो, तर म्हणाल्या, "जिमिनीचं बोलाय आलाय न्हवं? मग जिमिनीचंच बोला. आन कागद आदी लखनला वाचू द्या. नातू हाय माजा, वालचंदनगरला फिटर हाय. त्याला अंगठा लावावा लागत न्हाय."

म्हणून हे पाच एकर, विहीर व पाण्याच्या मोटारीसह, त्या बावीस घरांच्या वारसांना सामाईक मिळावेत. नागेश म्हणाला, "आप्पा, लोक हसतील." हसू देत. त्याने कोर्टात हरकत घेतली, तर नदीकाठचे नऊ एकरही त्यांनाच जावेत.

५. शाळेच्या भिंतीवरची माझ्या नावाची फरशी काढून टाकावी. उलटी करून न्हाणीत बसवली तरी चालेल.

आज लखनने हे मृत्युपत्र माझ्या ओसरीवर सरुबाईंना मोठ्याने वाचून दाखवले. चौथ्या कलमात "बावीस घरे स्वखुशीने गेली" असे एक वाक्य होते. इतकी वर्षे भाषणांत म्हणून म्हणून ते आपोआप उतरले. सरुबाई म्हणाल्या, "ह्ये खोडा."

मी खोडले. खाडाखोड कबूल.

सही: बा. रं. काळोखे

साक्षीदार:
१. सिद्धू तुकाराम वाघमोडे, निवृत्त शिक्षक, कन्हेरी
२. राम दगडू शेंडे, शेतकरी, टेकाळवाडी

ठिकाण: टेकाळवाडी
दिनांक: १४ नोव्हेंबर १९९६