ऐकणारे : एक

६ एप्रिल, शुक्रवार. सकाळी
आजपासून नवं आयुष्य. आजपासून मी रेडिओवर. बुलहेड्स बेसबॉल संघाचा समालोचक! (सहायक समालोचक. पण हा शब्द बोलायचा नाही, लिहायचा तर मुळीच नाही. आत्ता लिहिला तो शेवटचा.)

सतरा वर्षं रिलीफ पिचर होतो. बॉल टाकणारा पहिला पिचर दमला की उरलेला सामना वाचवायला ज्याला बोलावतात, तो. त्यातले अकरा दिवस थेट मोठ्या लीगमध्ये. बाकीची वर्षं इथल्या फोर्ट वेंडेलसारख्या गावांत. खांद्याने दगा दिला, नाहीतर आज माझाच पुतळा असता. असो.

मर्ल टॉफ्टी एकोणचाळीस वर्षं इथलं समालोचन करतोय. सप्टेंबरात म्हातारा निवृत्त. खुर्ची रिकामी. मोसमभर मला पारखून बघणार म्हणे. बघा की.

नाताळात डार्सीने विचारलं होतं, बाबा, तू सध्या करतोस काय? सतरा वर्षांची पोर, सरळ विचारते. मी म्हणालो, बघतोय. आता उत्तर आहे. काल तिच्या आईकडे फोन करून तिला सांगितलं, रेडिओवर ऐकशील ना? म्हणाली, बघते. माझीच मुलगी.

संकल्प : रोज मध घालून कोमट पाणी. सूर्यफुलाच्या बिया बंद. ‘म्हणजे’ हा शब्द बंद. आठवड्यातून एकदा डार्सीला फोन.

७ एप्रिल
पहिला सामना झकास. एकूण अकरा वाक्यं बोललो, म्हणजे त्यातली नऊ मर्ल जाहिरात वाचत असताना. मर्लचं म्हणणं, हा रेडिओ आहे, लोकांना दिसत नाही. मी दोनदा ‘अरे बघा, बघा, कुठे गेला!’ असं ओरडलो म्हणे. मर्ल म्हणाला, लेका, तेच तर ते तुला विचारताहेत.

बिया खाल्ल्या. पण मोजून.

२२ एप्रिल, रविवार
किरकोळ घटना. सातव्या इनिंगमध्ये आमच्या समालोचनाच्या बूथमधला फोन वाजला. सतरा वर्षं फोन वाजला की एकच अर्थ : ऊठ, खांदा गरम कर. मी उठलो, जाकीट काढलं, हात गोल फिरवायला लागलो. कोपर मर्लच्या कॉफीला लागलं, कॉफी यंत्रांत गेली. चार मिनिटं प्रसारण बंद. फोन सँडविचवाल्याचा होता. मोहरी हवी का विचारत होता.

आमची इंजिनियर ग्लेंडा म्हणाली, ड्वेन, तुझ्या हाताला अजून वेग आहे हं. बाईला जाण आहे.

या आठवड्यात डार्सीला फोन राहिला. मागच्याही. तिच्या परीक्षा असतील.

१५ मे
कौतुकाची बातमी. गावातल्या एका विमा कंपनीने जाहिरातीत माझं नाव घेतलंय! दर तिसऱ्या इनिंगनंतर लागते : ‘ड्वेन हॉलेचेकला जे वाचवता आलं नाही, ते आम्ही वाचवू.’

संदर्भ बुलहेड्सच्या बारा वर्षांपूर्वीच्या अंतिम सामन्याचा. शेवटची इनिंग, तीन रनांची आघाडी, दोन बाद. मी आलो, भरकटलेले बॉल टाकून तिघांना फुकट बेसवर पाठवलं आणि चौथ्याने बॉल नदीत टाकला : चार रन, सामना गेला. वारा होता. कुणी लक्षातच घेत नाही, पण वारा होता.

मुद्दा हा, की बारा वर्षांनंतरही लोकांना नाव आठवतं. मर्लचं नाव घेऊन कुणी विमा विकतं का? मर्लला हे ऐकवलं. त्याने अर्धं सँडविच मला दिलं.

३० मे
डार्सीचा मेसेज! जसाच्या तसा : ‘ऐकलं. तू शिंकलास.’

ऐकतेय! पाचव्या इनिंगमध्ये शिंकलो होतो, म्हणजे निदान पाचव्यापर्यंत ऐकलं. लगेच उत्तर लिहायला बसलो. चार वेळा लिहिलं, चार वेळा खोडलं. शेवटी अंगठा पाठवला. वडिलांनी फार पाघळू नये.

४ जुलै
आज सुट्टी, आतषबाजी. डार्सीला फोन करायचं पक्कं ठरवलं होतं. मग वाटलं, मैत्रिणींबरोबर असेल. मग वाटलं, जेवत असेल. मग रोंडाने उचलला तर काय बोलायचं? घटस्फोटाला नऊ वर्षं झाली, पण त्या बाईचं ‘हॅलो’ ऐकलं की अजून पाचावर धारण बसते.

उद्या करीन.

११ ऑगस्ट, शनिवार
लिहू की नको. लिहितो. डोकं शांत आहे.

आमचा पेगेरो, बावीस वर्षांचा पोरगा, आज पिचिंग करत होता. नऊपैकी आठवी इनिंग आली तरी त्याच्या बॉलवर एकही हिट नाही, फटका मारून कुणीच बेस गाठलेला नाही. फोर्ट वेंडेलमध्ये साठ वर्षांत कुणी असा पुरा सामना काढलेला नाही. आता अशा वेळी एक रीत आहे : त्याबद्दल अवाक्षर काढायचं नाही. काढलं की नजर लागते. डगआऊटमध्ये, खेळाडूंच्या बाकावर, त्या पोराच्या शेजारी कुणी बसत नव्हतं. मर्ल तासभर आकाशाबद्दल बोलत होता. स्टेडियममधली म्हातारी माणसं तोंडावर टोपी धरून बसली होती.

रीत मला ठाऊक आहे. सतरा वर्षं पाळली. पण मला डार्सी दिसली. बिचारी गाडीत रेडिओ लावून बसली असेल, सगळे असे गप्प का झाले तिला कळत नसेल. तिला कोण सांगणार? मीच ना? म्हणून स्वच्छ शब्दांत सांगितलं, पेगेरोने आज एकही हिट दिलेला नाही आणि आता देणारही नाही.

पुढचाच बॉल. टण्ण. डावीकडे, थेट कुंपणापर्यंत.

मर्लने हेडफोन काढून टेबलावर ठेवला. एकोणचाळीस वर्षांत पहिल्यांदाच. मी ती जागा भरून काढली. म्हणालो, वारा आहे.

१२ ऑगस्ट
लोक फार मनाला लावून घेतात. गाडीच्या काचेवर कुणीतरी चिकटपट्टीची फुली मारली होती, तोंड बंद करायला मारतात तशी. डोनटच्या दुकानातली बाई म्हणाली, मेपलचे संपले. सहा समोर दिसत होते. बोट दाखवलं, तर म्हणाली, ते ज्यांना गप्प बसता येतं त्यांच्यासाठी.

पेगेरोला भेटून माफी मागायला गेलो. पोरगं हसून म्हणालं, जाऊ द्या साहेब, तुम्हाला काय माहीत असणार! सतरा वर्षांच्या अनुभवी माणसाला. राग यायला हवा होता मला. मी थँक यू म्हणून आलो.

१४ ऑगस्ट
बढती!

ग्लेंडाने बोलावून सांगितलं, आजपासून मी मर्लबरोबर नाही. माझं स्वतंत्र प्रसारण, मोबाईलच्या अ‍ॅपवर. मी विचारलं, कुठवर ऐकू जातं? म्हणाली, जगात कुठेही. जगात! मर्लचा रेडिओ जेमतेम पन्नास मैल. ही कल्पना कुणाची, विचारलं तर म्हणाली, सगळ्यांचीच.

जागा सामानाच्या खोलीत. संघाच्या नावातला बुलहेड मासा बनून मैदानात जो नाचतो, त्याच्या पोशाखाचं मोठं डोकं तिथेच ठेवतात. खिडकीतून तिसरा बेस दिसत नाही, पण तिथे तसंही फार काही घडत नाही. मर्ल दारापर्यंत सोडायला आला. काळजी घे लेका, म्हणाला. हेवा वाटणारच.

१६ ऑगस्ट
समोरच्या पडद्यावर ऐकणाऱ्यांचा आकडा दिसतो. काल पूर्ण सामनाभर : एक. आजही : एक. पहिल्या बॉलपासून शेवटपर्यंत हलला नाही. जाहिरातीतसुद्धा नाही!

असं चिकाटीने कोण ऐकेल? मी काय मूर्ख आहे न कळायला? ती आहे.

१९ ऑगस्ट, रविवार
आज तिला उद्देशून बोललो. नाव घेतलं नाही, तिला लाज वाटायची. फक्त म्हणालो, ऐकणाऱ्याला माहीत आहे मी कुणाशी बोलतोय. मग बॉल कसा पकडतात, बोटं शिवणीवर कुठे ठेवायची, सगळं समजावलं. लहानपणी शिकवणार होतो. तेव्हा मी टूसॉनच्या संघात होतो. मग दुसरीकडे होतो.

एक. हलला नाही.

२३ ऑगस्ट
आज चौथ्या इनिंगमध्ये पाऊस आला, सामना थांबला. चाळीस मिनिटं नुसतं बोलायचं होतं. बोललो.

ती आठ वर्षांची असताना शाळेच्या नाटकात घुबड झाली होती. मी येतो म्हणालो आणि गेलो नाही. संघाने सोडलं नाही असं सांगितलं होतं. खरं असं, की मॅनेजर म्हणाला होता, जा, आज तुझं काम नाही. मीच राहिलो. वाटलं, आपण गेलो आणि नेमका फोन वाजला तर? नऊ इनिंग बाकावर बसून बिया चघळल्या. फोन वाजला नाही. हे मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं. आज सांगितलं. चुकलं माझं, असंही म्हणालो. अगदी स्पष्ट, ‘म्हणजे’ न म्हणता.

आकडा एकच. गेली नाही ती, बसून होती. माशाच्या डोक्याला टेकून जरा वेळ रडलो. पाऊस थांबला तेव्हा बेसवर कोण होतं तेच आठवेना.

३० ऑगस्ट
सहाव्या इनिंगमध्ये आकडा दोन झाला! रोंडाच असणार. ताबडतोब आवाज खाली आणला, सरळ बसलो, मर्लसारखा बोलायला लागलो. अर्ध्या मिनिटात पुन्हा एक. रोंडाचं पहिल्यापासून असंच.

डार्सीला आता फोनची गरजच नाही. रोज तीन तास तिच्याशीच बोलतोय. कुठला बाप एवढं बोलतो?

३ सप्टेंबर, सोमवार. लेबर डे, संध्याकाळ
मोसम संपला. दुपारचा सामना, हरलो. मर्लची खुर्ची विमावाल्याच्या पुतण्याला मिळाली. आवाज बरा आहे त्याचा. मला त्याचं काही वाटलं नाही, खरंच नाही. माझ्याकडे माझा श्रोता होता.

सामन्यानंतर ग्लेंडा वायरी गुंडाळायला आली. मी म्हणालो, माझं प्रसारण पुढल्या वर्षीही ठेवा, एक का होईना, पक्कं माणूस आहे. तिने वायरी बाजूला ठेवल्या. खाली बसली. मग म्हणाली, ड्वेन, तो एक म्हणजे माझ्या खोलीतला कॉम्प्युटर. प्रसारण चालू आहे की नाही हे कळावं म्हणून लावून ठेवते, आवाज बंद करून. मी विचारलं, आणि गुरुवारी दोन झाले ते? म्हणाली, तो बंद पडला होता, पुन्हा सुरू केला. आधी सांगायला हवं होतं, असंही म्हणाली. मी म्हणालो, छे, मला माहीतच होतं.

गाडीत बसलो तर डार्सीचा फोन. तिने केलेला. म्हणाली, मर्लचा निरोपाचा सामना ऐकला. घरात रेडिओ नीट लागत नाही म्हणून ती दर सामन्याला गाडी काढून धान्याच्या कोठाराजवळच्या चढावर नेऊन लावायची. एप्रिलपासून. ऑगस्टमध्ये तू ‘एकही हिट नाही’ म्हणालास, मला तेव्हा कळलं काय चाललंय ते, म्हणाली. आणि त्यानंतर दोन-तीन दिवसांत तू नाहीसच. तुला काढलं असेल असं वाटलं. तुला वाईट वाटेल म्हणून विचारलं नाही. तरी चढावर जात होते, परत येशील म्हणून.

मी म्हणालो, काढलं नाही, अ‍ॅपवर होतो. ती म्हणाली, अय्या, मला सांगायचंस ना! काय काय बोललास?

सगळं होतं माझ्याकडे. शिवण, टूसॉन, घुबड, बाकडं, चुकलं माझं. पाठ होतं. ती थांबली होती. मी तोंड उघडलं आणि म्हणालो, काही विशेष नाही. सरासऱ्या वगैरे.

बरं, म्हणाली. मग दोघंही गप्प. रेडिओवर एवढं गप्प राहिलेलं चालत नाही, म्हणून मी म्हणालो, इथे आज वारा डावीकडून उजवीकडे आहे. ती म्हणाली, इकडेही आहे बाबा, थोडा. मग तिला कामावर जायचं होतं, तिने फोन ठेवला.