तुमचं ऑर्किड माझ्याकडे आहे

काका, इथे आपल्या लोकांत ओळख नसली तरी मोठ्या माणसाला काकाच म्हणतात, म्हणून तुम्हालाही काका. तुम्ही जाऊन शंभरावर वर्षं झाली. मी झाडांना पाणी घालायच्या कामाला आहे त्या काचघराच्या भिंतीवर तुमचा फोटो आहे. दाढी, चिखलाचे बूट, खांद्यावर बंदूक. खालचा इंग्रजी मजकूर ताईंनी मला वाचून दाखवला. ताई म्हणजे काचघराच्या मुख्य. जन्मल्या इथेच, अमेरिकेतल्या कॅरी गावात, आईवडील साताऱ्याचे. जर्मनीतलं वडिलांचं औषधांचं दुकान सोडून तुम्ही जहाजात बसलात, जन्मभर उष्ण रानांत हिंडलात, पक्षी सोलून त्यांत कापूस भरून पेट्या घरी धाडल्यात, झाडं वाळवलीत, आणि तिकडेच तापाने गेलात. मी म्हटलं, "म्हणजे पायाला भिंगरी." ताई हसल्या, "तुझ्यासारखीच." खोटं नाही. नववीत शाळा सोडल्यापासून मी एका जागी बूड टेकलेलं नाही. इथेही मोटेल झालं, किराणा दुकान झालं, आणि पार देशाच्या दुसऱ्या टोकाला, रेडमंडला, मित्र बोलावतोय म्हणून बॅगही भरून झाली होती.

तुमचे पक्षी आता कुठल्याशा म्युझियमच्या ड्रॉवरमध्ये उताणे पडलेत. हे ऑर्किड मात्र तुम्ही फांदीवरून काढलेलं तेच. कंद तोडून लावत लावत इथवर आलं. आमच्याकडे त्याची एकच कुंडी, आणि कित्येक वर्षांत फूल नाही. जागा अडते म्हणून ते काढायचं घाटत होतं. मी रोज पाणी घालतोय, पानं पुसतोय, आणि ते नुसतंच हिरवंगार. मग आठवलं, आमच्या जालन्याकडे मोसंबीचा बहार धरायचा तर पाणी तोडतात, झाडाला ताण देतात. ताईंना विचारलं, "याचं पाणी बंद करू?"

"मरेल रे! ओन्ली वन आहे आपल्याकडे."

"मोसंबी नाही मरत."

"ही मोसंबी आहे का, यार?" मग त्यांनी तुमच्या फोटोकडे पाहिलं. तुमच्या रानात पावसानंतर सगळं कोरडं होतं, हे त्यांना माहीत होतंच. धीर होत नव्हता. "ओके. पण मग तू इथेच राहायचं. नाहीतर दुसऱ्या कोणाला दया येईल आणि तो पाणी घालेल."

रेडमंड कॅन्सल केलं. मित्र फोनवर ओरडला, "एका कुंडीसाठी?" हिवाळाभर मी पाइप घेऊन सगळ्यांना पाणी देत जायचो आणि तिच्यापाशी आलो की मान वळवायचो. पानं पिवळी होऊन गळली, कंद म्हाताऱ्याच्या गालांसारखे सुरकुतले. आमचे बापू, म्हणजे वडील, ताणाच्या दिवसांत बागेकडे फिरकायचेच नाहीत. का, ते आत्ता कळलं.

आज त्या उघड्याबोडक्या कंदावर फुलं आहेत. पिवळी, तपकिरी ठिपक्यांची, वास थोडा लवंगेसारखा. ताईंनी कुंडी उचलून तुमच्या फोटोखाली ठेवली आणि म्हणाल्या, "दे आता पाणी." दिलं.

हे पत्र पाठवणार कुठे, आणि तुम्हाला मराठी कुठलं यायला. घडी करून खिशातच ठेवतो. एक मात्र सांगतो. ती बॅग अजून पलंगाखाली भरलेलीच आहे. थंडीत तिच्यातला स्वेटर तेवढा काढला होता, तो काही परत ठेवलेला नाही.